पाठमोऱ्या वाघाचा नवस

देव आणि वाघ या दोघांची प्रतिष्ठा ते सहजासहजी दिसत नाहीत यावर उभी आहे. रोज दारात येऊन बसणाऱ्याला आपल्याकडे कुणी हात जोडत नाही (जावयाचा अपवाद). म्हणून ज्या प्रवासी कंपनीला एकाच आठवड्यात, एकाच भाड्यात आणि सकाळच्या पोह्यांसह या दोघांची गाठ घालून देण्याची कल्पना सुचली, तिच्या दूरदृष्टीचे कौतुक करावे तेवढे थोडे आहे. सहलीचे नाव 'देवव्याघ्र सप्ताह'. माहितीपत्रकात तळाला बारीक अक्षरांत लिहिले होते : 'देवदर्शन निश्चित. व्याघ्रदर्शन वाघाच्या सोयीनुसार.'

या कामासाठी चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांइतकी सोयीची जागा दुसरी नाही. तिथे जुनी देवळे जंगलाजवळ आहेत आणि वाघ शेताजवळ आहेत. माणसे उरलेल्या जागेत राहतात आणि त्याबद्दल फारशी तक्रार करत नाहीत.

आम्ही पुण्याहून वीस-बावीस जण निघालो. आमचा सहलप्रमुख प्रणित हा गडचिरोलीकडच्या वडशाचा. दिवाळीनंतर तिकडे झाडीपट्टीच्या नाटकांचा हंगाम सुरू होतो, त्यात तो खलनायकाची कामे करतो. नाटक नसेल तेव्हा तो आमच्यासारख्यांना फिरवतो. दोन्ही कामांत लोकांच्या शिव्या हसतमुखाने घ्याव्या लागतात, म्हणून एकाची दुसऱ्याला मदत होते, असे त्याने पहिल्याच दिवशी सांगितले. आमचे पुढारीपण मात्र श्री. करंदीकर यांच्याकडे होते. ते त्यांच्याकडे कुणी दिले नव्हते. निवृत्त अधिकारी असल्याने ते त्यांच्याकडे आपोआप जमा झाले. करंदीकरांच्या शेजारच्या सोसायटीतल्या एका गृहस्थांना सफारीच्या एकाच फेरीत वाघीण आणि तीन बछडे दिसले होते. तेव्हापासून करंदीकरांना अन्न गोड लागत नव्हते, असे त्यांच्या पत्नीनेच सांगितले.

सहलीचा पहिला टप्पा भद्रावतीच्या नागदेवाचा होता. तिथे आम्ही सर्वांनी वाघ मागितला. चंद्रपूरला महाकालीपुढे वाघ मागितला. अंचलेश्वरापाशी काहींनी वाघ आणि काहींनी बिबट्या मागितला (बिबट्या मागणारे लोक स्वभावाने समाधानी असतात). माझ्या अंदाजाने त्या आठवड्यात झालेल्या एकूण प्रार्थनांपैकी नव्वद टक्के वाघासाठी, सहा टक्के गुडघ्यांसाठी आणि उरलेल्या नातवाच्या प्रवेशासाठी होत्या. देवळात आम्ही मोठ्याने बोललो, कारण तिथे शांतता राखण्याची पाटी नव्हती. जंगलात ती होती, म्हणून तिथे आम्ही टोप्या काढून, हात जोडल्यासारखे करून, श्वासही बेताने घेतला.

सफारीत चितळ दिसले. चितळ हा प्राणी पहिल्या दहा मिनिटांपुरताच प्राणी असतो. त्यानंतर तो अडथळा होतो. गवा दिसला, अस्वलाची पाठ दिसली, मोर तर इतके दिसले की करंदीकरांनी त्यांच्याकडे पाहणे सोडून दिले. वाघ मात्र प्रत्येक ठिकाणी 'काल' होता. पाणवठ्यापाशी गाईड म्हणायचा, "कालच इथी बसला होता जी, या दगडापाशी." आम्ही त्या दगडाचे फोटो काढले. ताडोब्यात काल वाघ दिसण्याचे प्रमाण शंभर टक्के आहे, असा माझा अभ्यास सांगतो. मंगळवारी जंगल बंद असते. त्या दिवशी वाघ दिसला नाही तरी कुणाला वाईट वाटले नाही, म्हणून तो दिवस सर्वांत सुखाचा गेला.

सगळ्या फेऱ्या संपल्यावर करंदीकर गाडीत कुणाशी बोलेनासे झाले. आता पुढची वाट नागभीडवरून आरमोरी, वैरागड आणि मार्कंड्याकडे होती, म्हणजे सगळी देवळेच. प्रणितला त्यांची दया आली असावी. वाटेतल्या एका गावाच्या शिवेवर त्याने गाडी थांबवली. (गावाचे नाव देत नाही. दिले तर वर्षभरात तिथे रिसॉर्ट होईल.) मोहाच्या झाडाखाली शेंदूर फासलेला एक दगड आणि त्याच्या शेजारी सिमेंटचा, जरा हसऱ्या तोंडाचा वाघ होता. "हा वाघोबा," प्रणित म्हणाला. "जंगलातल्या वाघाचा देव. पण इथी त्याचं नाव नाई घेत. मामा मनतात."

करंदीकरांचा चेहरा फुलला. आतापर्यंतचे सगळे अर्ज चुकीच्या खात्यात गेले होते, हे त्यांच्या लगेच लक्षात आले. त्यांनी रस्त्यावरच्या दुकानातून पाच नारळ आणवले आणि वाघोबाला नवस बोलला : एकदा दर्शन दे, पितळेची घंटा बांधीन.

वाघोबाची पूजा करणारे वारलूभाऊ तिथेच उभे होते. त्यांनी नारळ फोडून दिले, पण त्यांना हे प्रकरण नीट उमगले नाही. "तुमी दिसू दे मनून फोडता?" त्यांनी विचारले. "आमी त दिसू नोको मनून फोडतो जी."

"प्रत्येकाची श्रद्धा वेगळी असते," करंदीकर समंजसपणे म्हणाले.

आमच्या मागे रुखमाबाई नावाच्या एक शेतकरी बाई रांगेत उभ्या होत्या. त्यांच्याकडे एकच नारळ होता. त्यांचे शेत रस्त्याला लागून, जंगलाच्या कडेला. धान पिकून पिवळे झाले होते, आभाळ काही दिवसांपासून भरून येत होते, आणि कापणीला यायचे कबूल केलेल्या बायका जंगलाच्या कडेला वाघाचे पाऊल दिसल्यापासून यायला तयार नव्हत्या. त्या एका बांधीतल्या, म्हणजे खाचरातल्या, धानावर घरचे वर्षभराचे जेवण होते. रुखमाबाईंनी नारळ ठेवला आणि दगडाशी घरच्या माणसाशी बोलावे तशा बोलल्या, "मामा, माह्यं धान निघतवरी तिकडंच राय. इकडं येऊ नोको."

अशा रीतीने एकाच दिवशी, एकाच देवाकडे, एकाच वाघासंबंधी दोन परस्परविरोधी अर्ज दाखल झाले. वाघोबाची अडचण मी समजू शकतो. पण पाच नारळ आणि एक नारळ यांत निवड करायची वेळ आली तर कोणतेही खाते काय करील, हे नागरिकांना वेगळे सांगायला नको.

रात्री मुक्कामाला नागभीडला परतून दुसऱ्या दिवशी सकाळी वैरागडला निघालेली आमची गाडी त्याच शिवेवर अडली. रस्त्यावर माणसे जमली होती. रुखमाबाईंच्या धानात रानडुक्कर घुसले होते आणि वाघाने त्याला तिथेच मारले होते. आता तो शिकारीपाशी उभ्या धानात आडवा झाला होता. रस्त्यावरून धानाच्या आडून पाठीचा पिवळा-काळा पट्टा आणि अधूनमधून एक कान दिसत होता. करंदीकरांचे डोळे भरून आले. खरे सांगायचे तर माझेही आले.

वनखात्याच्या माणसांनी दोरी बांधून सर्वांना शेतात जायला मनाई केली. यात त्यांचे काही चुकले नाही. दोरी सर्वांना सारखीच होती. आम्हाला ती टेकायला बरी पडली आणि रुखमाबाईंचे शेत तिच्या पलीकडे राहिले.

रुखमाबाईंनी घरून तेलाचा रिकामा डबा आणून तो बडवायला सुरुवात केली. ही पद्धत त्या भागात जुनी आहे. आमच्यातल्या बायकांनी त्यांना प्रेमाने थांबवले आणि जंगली प्राण्यांना आवाजाचा त्रास होतो, हे समजावून सांगितले. करंदीकर तर त्यांच्याशी फारच आपुलकीने वागले. ते म्हणाले, "बाई, डुक्कर तुमचं धान खात होतं. वाघाने डुक्कर मारलं. म्हणजे तो तुमची राखणच करतोय."

"डुकरानं पायली-दोन पायली खाल्लं असतं," रुखमाबाई म्हणाल्या. "हा बसला त कापाले कोनी येत नाई."

वैरागडचे देऊळ त्या दिवशी राहिले. हजार वर्षे जागेवर असलेली वास्तू आणखी थोडी थांबू शकते, याबद्दल आमचे एकमत झाले. दुसऱ्या दिवशी त्याच तत्त्वावर मार्कंडाही राहिले.

पहिल्या दिवशी दुपारीच वारलूभाऊ रुखमाबाईंना घेऊन आमच्याकडे आले होते. त्यांचे म्हणणे अगदी नियमाला धरून होते. "देव पावला त नवस फेडा लागते जी," ते म्हणाले. "तुमी बलावलं मनून मामा आला. घंटी बांधून मोकळं करत नाई तवरी तो हलन कसा?"

घंटा तयारच होती. प्रणितने ती सकाळीच नागभीडच्या बाजारातून आणली होती आणि करंदीकरांनी ती आवाज होऊ नये म्हणून टॉवेलात गुंडाळून ठेवली होती. मोहाचे झाड हाकेच्या अंतरावर होते.

"भाऊ, फेडून टाका ना," रुखमाबाई म्हणाल्या. "धान झडून राह्यलं. आभाळ पाहा कसं झालं."

करंदीकर मात्र आयुष्यभर कागद अर्धवट असताना सही न केलेले गृहस्थ होते. "नवस पावला," ते म्हणाले, "पण पूर्ण पावला नाही. पाठ दिसली. तोंड दिसलेलं नाही. दर्शन म्हणजे मुखदर्शन."

"मले त पयले तोंडच दिसलं," रुखमाबाई शेताच्या बांधाकडे हात करून म्हणाल्या. "सकाळी धुऱ्यावर गेली होती तवा. इतक्या जवळ. तुमी माह्या जागी पाह्यचं होतं."

करंदीकरांना हे जरा लागले. एका दर्शनार्थीला मुख आणि बाकीच्यांना पाठ, हा भेदभाव कोणत्याही देवस्थानात खपवून घेतला जाणार नाही, असे ते आम्हाला बाजूला घेऊन म्हणाले. मग रस्त्याच्या कडेला रीतसर बैठक झाली. एका सदस्याने देवळात गर्दी असली की कळसाचे दर्शनही चालते, असा मुद्दा मांडला. त्यावर कान हा कळस धरता येईल काय, याची चर्चा झाली. कान हलता असल्याने तो कळस धरता येत नाही असे ठरले. दुसऱ्या एकाने विचारले, की घंटा आज बांधली आणि वाघ खरेच निघून गेला, तर तोंड कोण दाखवणार? वारलूभाऊंच्या श्रद्धेवर आमच्यापैकी कुणाचाही विश्वास नव्हता, पण उगाच परीक्षा कशाला पाहा, यावर एकमत झाले. ठराव असा : मुखदर्शन होईपर्यंत घंटा टॉवेलातच राहील. मी हात वर केला. सगळ्यांनीच केला.

प्रणितने ठराव वाचून दाखवला तेव्हा रुखमाबाई तेलाचा डबा उपडा घालून त्यावर बसल्या. प्रणित मला म्हणाला, "साहेब, नाटकात मी असा वागलो त लोक चप्पल फेकतात." मी त्याला सांगितले की नाटक वेगळे आणि सहल वेगळी.

सहलीच्या शेवटच्या दिवशी दुपारी वारा सुटला आणि पाऊस आला. तासभरच आला, पण मन लावून आला. आम्ही गाडीत बसून भजी मागवली. पाऊस थांबल्यावर बाहेर आलो तर काल कमरेएवढे उभे असलेले धान सगळे चिखलात आडवे झाले होते. वाघाला लपायला काडी उरली नव्हती. तो भिजलेल्या मांजरासारखा उठला, अंग झटकले आणि बांधीच्या मधोमध उभा राहून आमच्याकडे पाहिले. पूर्ण तोंड, सरळ समोर. लख्ख ऊन पडले होते. करंदीकरांनी काढलेला फोटो शेजारच्या सोसायटीतल्या गृहस्थांना आयुष्यात साधला नसता. मग वाघ धुरा ओलांडून सावकाश जंगलात गेला.

करंदीकरांनी शब्द पाळला. त्याच क्षणी टॉवेल सोडून, चिखलातून चालत जाऊन त्यांनी मोहाला घंटा बांधली. वारलूभाऊंनी कुंकू लावले. तसे पाहिले तर रुखमाबाईंचाही अर्ज मंजूर झाला होता. मामा परत गेला. फक्त 'धान निघतवरी' एवढी अट राहून गेली. झालेल्या नुकसानीत कुणाचाही दोष काढता येत नाही. वाघ धान खात नाही. पावसावर कुणाचा ताबा नाही. आणि आम्ही तर दोरीच्या अलीकडेच होतो.

गाडी निघाली तेव्हा रुखमाबाई बांधीत वाकून पाण्यातल्या लोंब्या वर काढत होत्या. काढलेली एक-एक मूठ धुऱ्यावर ठेवत होत्या. ते पाहून मला फार वाईट वाटले. पुढे दोन-चार दिवसांत उरलेल्या धानाला शेतातच कोंब फुटले, असे प्रणितने फोनवर सांगितले. मी करंदीकरांना कळवले. ते हळहळले. फोटोच्या चौकटीचे काम चालू असल्याने त्यांना फार बोलता आले नाही.

तो फोटो तुमच्याकडे आला आहे. नीट आठवून पाहा. वाघ समोर बघतोय, पायांखाली सगळीकडे ओले, सोनेरी, एका बाजूला लवलेले काहीतरी पसरलेले आहे. तुम्ही त्याला अंगठा दाखवलात, चार गटांवर पुढे पाठवलात, आणि करंदीकरांना लिहिलेत, की वाघ तर छानच, पण खालचं ते सोनेरी गवत फारच सुंदर आलंय. शिवाय विचारलेत, की हे असं गवत ताडोब्याच्या कुठल्या गेटला मिळतं.