बंदूक वळेल एवढी जागा

माझ्या दुकानातून पाइप घेऊन तो खांद्याला लावणारं गिऱ्हाईक एकच, दाऊदचाचा. एक डोळा मिटतात, समोरच्या कमोडवर नेम धरतात आणि म्हणतात, "लांब झाला रे विलास. दोन इंच काप."

कतारमध्ये, दोहाजवळच्या अल रय्यानला माझं प्लंबिंगच्या सामानाचं दुकान आहे. पाना-पक्कड घेऊन या देशात आलो आणि लोकांचे गळके नळ दुरुस्त करता करता मालक झालो. माझ्याकडून कुणी साधा वॉशरही फुकट नेत नाही. चाचा मात्र गेली तीन वर्षं शुक्रवारी येतात, कापलेला पाइप परत करतात आणि नवा कापून नेतात. वर मलाच ऐकवतात, "तुझी करवत वाकडी चालते."

हा पाइप म्हणजे त्यांच्या बंदुकीची नळी. मागे जुन्या बॅटचा दांडा बांधलाय, तो दस्ता. खरी बंदूक अजून नाही. ती इथे घ्यायचीही नाही. रत्नागिरीकडच्या गावी, घराच्या राखणीला रायफल हवी आहे. परवान्याचा अर्ज केलात का, विचारलं की म्हणतात, "आधी नळी ठरू दे. घाईत घेतलेली बंदूक आणि घाईत केलेला जावई, दोन्ही परत देता येत नाहीत."

नळीचं त्यांचं एक शास्त्र आहे. लांब घेतली तर गोळी फाटकापर्यंत सरळ जाते, पण माजघरात बंदूक वळत नाही. आखूड घेतली तर वळते, पण आवाजानं आपलेच कान जातात.

"मग मधली घ्या."

"मधली म्हणजे किती? चोवीस की बावीस? बोल ना, व्यापारी माणूस!" मग स्वतःच हात झटकतात. "खलास. बावीस. ठरलं!"

पुढच्या शुक्रवारी वीस.

दोहाच्या वेस्ट बेमधल्या एका ऑफिसात ते ड्राफ्ट्समन आहेत. दुसऱ्यांच्या टॉवरमध्ये दार कुठे आणि खिडकी कुठे, हे आयुष्यभर काढत आले.

पाइपांचं मी एक वेळ सोडून देईन. माझं दुखणं वेगळं आहे. मला त्यांचं ते घर हवंय. खाडीकाठी, मागे हापूसची कलमं. शेजारच्याच गावातला मी. शाळेत जाताना त्या फाटकापाशी रेंगाळायचो. आता तिथे कुणी राहत नाही. चाचांचे आईवडील गेले, अमीनाचाची गेल्या, दोन्ही मुली लग्न होऊन कॅनडात. मी मागतोय, भाव वाढवून मागतोय, आणि हा माणूस हो म्हणत नाही की नाही म्हणत नाही. "आधी राखणीचं बघू." रिकाम्या घराची राखण, तीही दोहात बसून! माझ्यापुढे भलेभले ठेकेदार घाम पुसतात, आणि चाचा मला पाइप कापायला लावतात.

परवा माझं डोकं फिरलं. आज सोक्षमोक्ष लावायचाच म्हणून अल अझीझियाला त्यांच्या बिल्डिंगवर गेलो. संध्याकाळ होती. दिवसभर उडालेली धूळ आता सावकाश खाली बसत होती आणि उजेड चहात साय मिसळावी तसा झाला होता. मागच्या पार्किंगमध्ये चाचांनी खडूनं अख्खं घर आखलं होतं. पडवी, माजघर, स्वयंपाकघर, सगळं खऱ्या मापाचं.

नेपाळी वॉचमननं मला हटकलं. "चाचा अंदर हैं, साब. उधर से नहीं, दरवाजे से जाओ."

मी रेघेतल्या फटीपाशी गेलो. "चाचा, घर देताय की नाही? आज खलास करू."

"वाकून ये. चौकट खाली आहे."

मी वाकलो. का, ते देव जाणे.

ते माजघरात उभे होते. अठरा इंचांचा पाइप खांद्याला लावून हळूच वळत होते आणि मध्येच थांबत होते. "अडते रे."

मी खिशातला टेप काढून जमिनीवर धरला. "काय अडते? दहा फूट रुंद माजघर आहे! दस्त्यासकट तुमची बंदूक तीन फूट. चोवीसची नळीसुद्धा आरामात वळेल. तीन वर्षं मला येडा बनवताय?"

"हळू बोल. अब्बा आत्ताच आडवे झालेत."

त्यांनी पाइपनं भिंतीकडे दाखवलं आणि चटकन टोक खाली केलं. माणसावर नळी रोखत नाहीत. "ही त्यांची खाट. पलीकडे मुलींची गादी. धाकटी झोपेत पाय बाहेर टाकते. अमीना दाराशी, तिला वारा लागतो. हे सगळं धरून मोज. मग सांग."

मी धरून मोजलं. तीन फुटांना इंचभर कमी वाट उरत होती.

लांब ॲस्पायर टॉवरचे दिवे लागले. खडूच्या रेघा जमिनीपासून जरा उचलल्यासारख्या दिसू लागल्या.

"सोळा करू या का?" चाचा म्हणाले. "सोळाची वळेल बहुतेक."

घरासाठी नवा आकडा मी ठरवून आणला होता. तो बाजूला ठेवून मी टेप गुंडाळला.

"अठराच ठेवा, चाचा," मी म्हणालो. "मुलींची गादी थोडी सरकवू."

"थोरली जागी होईल."

"हळू सरकवू."

 चाचा पाइप भिंतीला टेकवायला गेले, तो खाली पडला. मग ते वाकले आणि दोन्ही हातांनी गादीचं एक टोक धरलं. दुसरं मी धरलं.