बेडूक जागचा हलेना

बेडूक जागचा हलेना, तेव्हा मी ठरवलं की आज कोणाला काही विचारायचं नाही, त्याला मीच हलवायचा. (माझ्या हातून झालेले सगळे घोटाळे 'आज मीच करते' असं म्हणूनच सुरू झालेत. त्यातले दोन लग्नाआधीचे आहेत, ते सांगत नाही.)

बेडूक म्हणजे आमच्या घडी होणाऱ्या कॉम्प्युटरच्या खेळातला. आमच्या ठमीचा डावा डोळा आळशी आहे. हे मी नाही, डोळ्यांच्या डॉक्टरबाई म्हणाल्या. उजवा डोळा एकटा सगळं काम करतो आणि डावा नुसता बसून खातो. (मला एकदम माझ्या धाकट्या दिरांची आठवण झाली.) उपाय असा, की कष्टाळू डोळ्यावर पट्टी चिकटवायची आणि आळशाला कामाला जुंपायचं. त्यासाठी दवाखान्यानेच हा खेळ कॉम्प्युटरमध्ये घालून दिला. हिरवा बेडूक, उडणाऱ्या माशा आणि लांब जीभ. रोज अर्धा तास, तीस दिवस. किती वेळ खेळली, किती माशा पकडल्या, ते सगळं कॉम्प्युटर आपणच लिहून ठेवतो. एक दिवस चुकला तर चालेल. दोन चुकले की पुन्हा पहिल्यापासून.

आमचा एक दिवस तापात गेला होता. आणि तीस दिवस संपले की लगेच ठमीची शाळा सुरू होणार होती. पहिलीच शाळा. गल्लीतली मुलं आत्तापासूनच तिला 'एकडोळी' म्हणून हाका मारत होती. वर्गात चाळीस मुलं एकदम हाका मारतील, या विचाराने मी पंधरा दिवस धड झोपले नव्हते. पट्टी शाळेआधी उतरायलाच हवी होती.

आणि अठराव्या दिवशी सकाळी दहा वाजता हा बेडूक डोळे वटारून बसलेला. वर लाल अक्षरांत तीन ओळी इंग्रजी. मी सातवीपर्यंत शिकले, इंग्रजी अक्षरं एकेकटी भेटली तर ओळखते. घोळक्याने आली की आमची ओळख राहत नाही.

दवाखान्यात फोन लावला. "खेळाच्या चौकशीसाठी चारनंतर," असं सांगून तिकडच्या बाईंनी ठेवून दिला. ह्यांचा फोन कारखान्यात कपाटात असतो, तो फक्त चहाच्या सुट्टीत बाहेर येतो. मी सुट्टी साधून लावला.

"अहो, बेडूक हलत नाहीये."

"बंद करून चालू कर."

"केलं. अकरा वेळा."

"मग बारावी वेळ कर," असं म्हणून हे चहाला गेले. ह्यांच्याकडे जगातल्या सगळ्या दुखण्यांवर हाच एक इलाज आहे. मला बाळंतपणाच्या कळा येत होत्या तेव्हाही हे दवाखान्याचा पंखा बंद-चालू करत होते.

आता मला यंत्रातलं काही कळत नाही, पण आजारी लेकरू कळतं. साडेचार वर्षांत ठमीचं इतकं काही बघितलंय, की मी हात लावून अर्ध्या अंशापर्यंत ताप सांगते. म्हणून मी कॉम्प्युटरला पालथा हात लावून बघितला. अंग चांगलंच गरम! मी ठमीच्या दुखण्यांची वही काढली आणि नवीन पान सुरू केलं:

'दहा वीस – अंग गरम. आवाज घरघर. नजर एका जागी.
दहा चाळीस – ओलं फडकं पिळून पुसलं. फरक नाही.
अकरा – पंख्याखाली ठेवला. अंग निवलं. घरघर कमी. बेडूक तसाच.'

सासूबाई खाटेवरून बघत होत्या. "त्याला जरा पडू दे ग," त्या म्हणाल्या. "सकाळपासून उठवबस करतेयस. मला कोणी असं केलं असतं तर मीही हलले नसते."

"आई, आज खेळ झाला नाही तर सगळं पहिल्यापासून."

"मग ओरड की त्याच्यावर. माझ्या मुलावर ओरडतेस तेव्हा तो हलतो."

ठमी मात्र खुशीत होती. एरवी खेळायला मिळालं नाही तर घर डोक्यावर घेणारी ही पोरगी, आज उजव्या डोळ्यावर पट्टी लावून कॉम्प्युटरशेजारी मांडी घालून बसली होती आणि त्याच्या पाठीवरून हात फिरवत होती. मला संशय आला.

"ठमे, तू ह्याला काही केलंस का?"

"केलं."

"काय केलंस?"

"बरं केलं."

"म्हणजे काय केलंस, राणी?"

"डॉक्टर सांगत नसतात," ती म्हणाली. "डॉक्टर फक्त करतात."

माझं लक्ष सरळ औषधांच्या फळीकडे गेलं. खोकल्याची बाटली उचलून उजेडात धरली. दोन बोटं औषध कमी! घरात असावी म्हणून मागच्या आठवड्यातच नवी आणली होती आणि ठमीला तर महिनाभर खोकला नाही. म्हणजे पोरीने खोकल्याचं औषध कॉम्प्युटरला पाजलं होतं!

मी धावत जाऊन वायर उपटली, त्याला उताणा केला, पालथा केला आणि बाळाची ढेकर काढतात तसा खांद्यावर घेऊन पाठीवर थापटला. आतून बिस्किटाचा चुरा, एक मणी आणि ह्यांच्या शर्टाचं बटण पडलं. (त्या बटणावरून आमचं मागच्या महिन्यात भांडण झालं होतं. हे म्हणत होते मी हरवलं. बटण मी मुठीत दाबलं.) औषध मात्र एक थेंब नाही.

"आई, वास घेऊन बघा बरं."

सासूबाईंनी चष्मा लावून वास घेतला. (त्या सगळं चष्मा लावूनच करतात.) "खोकल्याच्या औषधाचा नाही हा वास."

"तुम्हाला कसं कळलं?"

"ते मी घेते ना. रोज एक चमचा. झोप छान लागते."

मी वहीत लिहिलं: 'बारा पाच – औषध पाजलेलं नाही. सासूबाई ठणठणीत.'

तरी जोखीम नको म्हणून मी त्याला तंबूसारखा उघडा करून टॉवेलवर पालथा घातला आणि खिडकीतल्या उन्हात ठेवला. ठमीने स्वतःची चादर आणून त्याला पांघरली. चार वाजेपर्यंत आम्ही तिघी त्याच्याभोवती बसून होतो. मधेच दूधवाला आला, आत डोकावला आणि हलक्या आवाजात "कोणाला बरं नाही का?" असं विचारून गेला.

चार वाजून एका मिनिटाने मी फोन लावला. या वेळी दवाखान्यातली खेळ बसवून देणारी ताई बोलली. आवाजावरून तरुण वाटत होती आणि घाईत. मी वही उघडली.

"ताई, सकाळी दहापासून सुस्त आहे हो. अंग गरम होतं, ते फडक्याने पुसून उतरवलं. घरघर आहे. डोळे उघडे, पण हालचाल अजिबात नाही."

पलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला. "हालचाल नाही? वय काय?"

"सहा वर्षं असतील. नक्की माहीत नाही, आम्ही सेकंडहँड घेतला."

"काय घेतला?"

"ह्यांच्या कारखान्यातून. तिथे नको झाला होता, म्हणून स्वस्तात दिला."

"अहो बाई! पेशंट शुद्धीवर आहे का?"

"वायर काढली की शुद्ध जाते. मगाशी पाठीवर थापटलं तर एक बटण पडलं आणि—"

"बाई," ताई फार सावकाश म्हणाली, "तुम्ही मुलाबद्दल बोलताय की कॉम्प्युटरबद्दल?"

"कॉम्प्युटरबद्दलच. मुलगी आहे मला. ती उत्तम आहे."

पलीकडे ताई बहुतेक पाणी प्यायली. मग तिने लाल अक्षरांचं विचारलं. मी कॉम्प्युटर सरळ करून चालू केला आणि पहिलं अक्षर सांगते तोच ती म्हणाली, "राहू दे, कळलं मला. खेळाला समोर चेहरा दिसत नाहीये. मूल बसलंय का, पट्टी बरोबर डोळ्यावर आहे का, हे तो आधी बघतो आणि मगच सुरू होतो."

"बघतो? कशाने?"

"पडद्याच्या वर मधोमध एक बारीक काळा ठिपका आहे. तो कॅमेरा. काय दिसतंय तिथे?"

मी वर बघितलं.

"मांजर," मी म्हणाले.

"मांजर बसलंय?"

"बसलं नाही. चिकटलंय."

ठमीची मांजराच्या चित्राची पट्टी होती ती. अर्धी पुढे, अर्धी मागे, नीट घडी घालून, हवा राहू नये म्हणून दाबून लावलेली. अगदी मी तिला लावते तशी! आता तुम्ही विचाराल, दिवसभर ती तुझ्या नाकासमोर होती, दिसली नाही? दिसली की! पण आमच्या घरात ही मांजरं फ्रिजवर, बादलीवर, सासूबाईंच्या चष्म्याच्या डबीवर, कुठेही चिकटलेली असतात. सकाळी ओलं फडकं फिरवताना मी त्या मांजराला वळसा घातला होता. भिजायला नको म्हणून.

"ठमे! हे तू लावलंस?"

"हो," ती अभिमानाने म्हणाली. "तो रोज हळूहळू चालू होतो. आळशी आहे. म्हणून त्याचा चांगला डोळा झाकला. आता तो आळशी डोळ्याने बघेल."

"अग, पण त्याला एकच डोळा आहे!"

"मग दुसरा शोधू दे त्याला."

फोनमधून ताईचं हसणं ऐकू आलं. हसता हसताच ती म्हणाली, "पट्टी काढा आणि मुलीला बसवा, आत्ता सुरू होईल," आणि तिने ठेवला.

मी पट्टी सर्रकन ओढली. ठमीने भोकाड पसरलं. "त्याचा दिवस संपला नव्हता! तू त्याची काढलीस, मीपण काढणार!" आणि तिने स्वतःची पट्टी ओरबाडून फेकली. या रडारडीत पाच वाजले. ही साडेसात वाजता झोपते, झोपली की ढोल वाजवा. मी समजावलं, चॉकलेट कबूल केलं, शेवटी रडायच्या बेताला आले.

"तू लाव ना," सासूबाई खाटेवरून म्हणाल्या. "नुसतं पोरीलाच काय सांगतेस?"

मग मी डब्यातलं एक मांजर काढून स्वतःच्या उजव्या डोळ्यावर चिकटवलं आणि कॉम्प्युटरसमोर बसले. लाल अक्षरं गेली. बेडकाने उडी मारली! मी आनंदाने ओरडलेच.

पण पुढे काही जमेना. माशी डावीकडे, माझी जीभ उजवीकडे. (म्हणजे बेडकाची. माझीही बाहेर आली होती असं सासूबाई म्हणतात.) पाच मिनिटांत मी एक माशी पकडली, तीही ती स्वतः येऊन आदळली म्हणून. दहा मिनिटं झाली तरी माशा दोनच. ठमीचं रडणं थांबलं. ती जवळ आली. मग आणखी जवळ.

"तिकडे नाही ग आई. वर. वर! अग, गेली ना!"

"थांब, आता पकडते."

"तू सरक," ती म्हणाली. तिला बघवेना. तिने नवीन पट्टी घेतली, आपल्या हाताने लावली, मला ढकललं आणि पुरता अर्धा तास अशा काही माशा गिळल्या की बेडकालाच अजीर्ण व्हावं.

सात वाजता हे आले. मी दार उघडलं. डोळ्यावरचं मांजर काढायचं मी विसरले होते. ह्यांनी एकदा माझ्याकडे बघितलं, एकदा घराच्या नंबराकडे, आणि विचारलं, "मग? बंद करून चालू केलंस ना?"

बारा दिवसांनी तीस दिवस पूर्ण झाले. डॉक्टरबाईंनी ठमीचा उजवा डोळा झाकला आणि तिला पाटीवरची चित्रं ओळखायला लावली. मी खुर्चीची कड इतकी घट्ट धरली होती, की बोटं पांढरी पडली. मोर, छत्री, किल्ली, घर. शेवटच्या ओळीतलं इतकुसं जहाजसुद्धा तिने ओळखलं.

"पट्टी बंद," डॉक्टरबाई म्हणाल्या. "शाळेत खुशाल जाऊ दे. सहा महिन्यांनी दाखवायला आणा." मला रडूच आलं. मी पदराने डोळे पुसत होते तेवढ्यात बाईंनी कॉम्प्युटरने लिहून ठेवलेला कागद समोर धरला. त्यावर एक रेघ जिना चढावा तशी वर वर गेली होती. फक्त अठराव्या दिवशी ती जमिनीला टेकून परत वर आली होती.

"हे काय झालं?" बाईंच्या कपाळावर आठी पडली. "दहा मिनिटांत दोन माशा? नजर अजिबात लागत नसेल तरच असं होतं. त्या दिवशी दिसत नव्हतं का हिला?"

"ती नाही, मी होते," मी म्हणाले. आणि म्हणता म्हणताच बाईंचे शब्द माझ्या डोक्यात शिरले. नजर अजिबात लागत नसेल तर! म्हणजे डोळा माझाही आळशी! मी बाईंना सोडलंच नाही. "आत्ताच्या आत्ता तपासा. घरात लहान मूल आहे, मला काही होऊन चालणार नाही."

बाईंनी बिचाऱ्यांनी बसवलं. उजवा झाकला, डावा झाकला, बॅटरी मारली, थेंब घातले, मोठ्या भिंगातून पंधरा मिनिटं बघितलं. मी शेवटच्या ओळीचं जहाज वाचलं, त्याखालचं छापखान्याचं नावही वाचलं.

"डोळे एकदम उत्तम आहेत तुमचे," बाई म्हणाल्या. "दोन्ही."

"मग दोनच माशा कशा?"

बाईंनी कागदाकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि घसा खाकरला. पेशंटला वाईट बातमी कशी सांगावी, हे त्या ठरवत असाव्यात. ठमीला तेवढा धीर नव्हता.

"डॉक्टर," ती खुर्चीवर उभी राहून म्हणाली, "आईला दिसतं सगळं. तिला खेळताच येत नाही."

बाईंनी मान खाली घालून माझ्या कागदावर काहीतरी लिहिलं, घडी घातली आणि हातात दिली. 'यावर इलाज नाही' एवढंच असावं. कागद पर्समध्ये आहे, मी अजून उघडलेला नाही.