आमच्या हिच्या बेटाचा पर्यटन विकास

कोणत्याही गावाची प्रगती ही, तिथे न राहणाऱ्या माणसांना ते गाव किती आवडतं, यावर ठरते. राहणाऱ्यांचं मत यात धरत नाहीत, कारण ती माणसं पक्षपाती असतात. हे तत्त्व मला उतारवयात समजलं, आणि तेही एका खेळामुळे. त्या खेळाचा मी आभारी आहे.

माझी बायको गेल्याचं घरात सगळ्यांना लगेच कळलं. नातेवाइकांना संध्याकाळपर्यंत कळलं. बँकेला कळवलं, गॅसवाल्याला कळवलं, चष्म्याच्या दुकानात तिचा नवा चष्मा तयार होता, त्यांनाही कळवलं. (बँकेने पुरावा मागितला. चष्मेवाल्याने मागितला नाही, पण चष्मा दिला.) बेटाला मात्र कुणी कळवलं नाही. त्यामुळे बेटाकडून तिची चौकशी आली ती पुढे एका सकाळी. मी चहा टाकत होतो आणि साखरेच्या डब्यामागे काहीतरी टुणकन वाजलं. तिचा टॅब होता; त्यावरच्या खेळात तिचं बेट होतं. कुणीतरी चार्जिंगला लावून ठेवला होता. बहुधा तिनेच.

पडद्यावर टाय बांधलेला एक पाणपक्षी उभा होता. तो बेटाचा सल्लागार. त्याचं म्हणणं असं होतं: "महापौरबाई, आपण बरेच दिवस दिसला नाहीत. नागरिक काळजीत आहेत." खाली दोन बटणं होती. एक "आलेच!" आणि दुसरं "नंतर आठवण करा". तिसरं बटण नव्हतं. यात खेळ बनवणाऱ्यांचा दोष नाही. महापौर न येण्याला तिसरं कारण असू शकतं, हे त्यांच्यासमोर कधी आलं नसेल.

मी "आलेच!" दाबलं. तेव्हापासून मी महापौरबाई आहे. पडद्यावर माझ्या डोक्यावर पिवळी टोपी असते आणि हातात पर्स.

मी नळजोडणीची कामं करणारा माणूस. दुपारी मी लोकांच्या मोऱ्यांमध्ये असायचो तेव्हा ही बेट चालवायची. मला ते माहीत होतं, जसं शेजारी कुणी शिवणक्लास चालवतं ते माहीत असतं. आत जाऊन पाहिलं नव्हतं. आता अधिकृत दौरा केला. बेटावर प्रत्येक झाडाखाली बाक होता. ग्रंथालय नगरपालिकेपेक्षा मोठं होतं. बेकऱ्या तीन होत्या, हॉटेल एकही नव्हतं. रस्ते इतके अरुंद, की समोरासमोर आलेल्या दोघांना थांबून बोलावंच लागावं. विकासाच्या दृष्टीने परिस्थिती गंभीर होती.

घरांना तिने माणसांची नावं दिली होती. माझ्या थोरल्या वहिनी टेकडीच्या टोकावर राहत होत्या, जिथे पाण्याचा दाब पोचत नाही. (मी पाहिलं. खरंच पोचत नाही. मुद्दाम केलं होतं.) धाकटी मेहुणी कचरा डेपोच्या भिंतीला लागून होती. जावयाला सार्वजनिक शौचालयासमोर प्रशस्त बंगला मिळाला होता. धक्क्याजवळ निळ्या कौलांचं एक लहान घर होतं. ते कुणाचं, हे मी त्या वेळी उघडून बघितलं नाही. घाई होती.

घाईचं कारण पाणपक्ष्याने दिलं. बेटाचं पर्यटन मानांकन घसरून दोन ताऱ्यांवर आलं होतं. हंगाम संपेपर्यंत तीन तारे न झाल्यास "बेट समुद्राला परत करण्यात येईल". वाक्यरचना सभ्य होती. जणू आपणच ते उसनं आणलं होतं.

बेट बुडू द्यायचं नाही, एवढंच मी ठरवलं. हिची बाकीची आवराआवर लेकीने केली होती. साड्या गेल्या, औषधं गेली. हे एक राहिलं होतं.

जावयाला बोलावलं. तो एका कंपनीत, लोकांना कुठे जावंसं वाटलं पाहिजे हे ठरवण्याचं काम करतो. स्वतः कुठेच जात नाही, सुट्टी मिळत नाही. त्याने बेट नीट न्याहाळलं.

"बाबा, प्रॉब्लेम सरळ आहे. इथे सगळी राहायला आलेली माणसं आहेत."

"मग?"

"मग बघणाऱ्याने बघायचं काय? आपल्याला अनुभव विकायचाय."

"कसला अनुभव?"

"तो त्यांचा प्रश्न आहे. आपण फक्त फाटक लावायचं. आणि बाबा, हे शौचालयासमोर कोण राहतं?"

"तिथे कुणी नाही," मी म्हणालो. महापौराला काही गोष्टी गोपनीय ठेवाव्या लागतात.

सुरुवात स्वच्छतेपासून केली. धक्क्यावर शिंपल्यांचा ढीग पडला होता. बोट लावलं की टप् आवाज होऊन एकेक नाहीसा व्हायचा. दुसऱ्या दिवशी दोनचार नवे असायचेच. समुद्राला शिस्त नाही, असं समजून मी रोज सकाळी चहाआधी धक्का साफ करू लागलो. स्वच्छतेपोटी पाव तारा मिळाला. पाणपक्ष्याने पंख वाजवले.

मग विमानतळ. त्याला सपाट जमीन लागते आणि सपाट जमिनीवर नेमकी माणसं राहत होती. ती हलवली. नंतर लक्षात आलं की विमानतळावर सामान उचलणारे तेच होते. त्यांच्या जागी सरकत्या पट्ट्या बसवल्या. त्या पट्ट्या निदान समुद्राकडे तोंड असलेलं घर मागत नाहीत. ग्रंथालयाचं "ग्रंथालय अनुभव केंद्र" केलं. पुस्तकं फोटोत मध्ये येत होती, ती काढली. कोळ्यांची वस्ती हॉटेलच्या दृश्यात अडथळा ठरत होती म्हणून हॉटेल झाल्यावर वस्ती उठवली, आणि हॉटेलला स्थानिक रंग कमी पडतो अशी तक्रार आल्यावर त्यातल्या दोघांना स्वागतकक्षात जाळं धरून उभं राहण्याची नोकरी दिली. बाकांवर म्हातारे बसत. त्यामुळे बाक भरलेले दिसत आणि पर्यटक पुढे जात. म्हणून बाकांना तिकीट लावलं. आता बाक कायम रिकामे असतात आणि पर्यटकांना ते फार शांत वाटतात.

पर्यटक आले. बोटी भरभरून आले. सगळ्यांच्या डोक्यावर सारखीच टोपी असते आणि ते धक्क्यावर उतरताच कशाकडे तरी बोट दाखवतात, मग ते तिथे असो वा नसो. त्यांच्या अभिप्रायांचा गोषवारा पाणपक्षी देतो तो असा: एक्केचाळीस टक्के पर्यटकांच्या मते समुद्र अपेक्षेपेक्षा खारट आहे. सत्तावीस टक्क्यांना बेटाच्या सगळ्या बाजूंना पाणी असल्याची पूर्वकल्पना दिली गेली नव्हती. उरलेल्यांची तक्रार, बेटावर पर्यटक फार झाले आहेत, ही आहे.

नागरिकांचं समाधान याच काळात शंभर टक्क्यांवर गेलं. हा उच्चांक आहे. पाहणीत भाग घ्यायला एकच बेकरीवाला उरला होता आणि त्याच्या हातात परतीच्या बोटीचं तिकीट होतं. त्याचा चेहरा खरोखरच हसरा होता.

एवढं करून तारे झाले सव्वादोन.

"अभिनंदन! थोडंच उरलं," पाणपक्षी म्हणाला. "धक्क्याजवळच्या जागेवर भव्य सागरी प्रासाद बांधा." जागा म्हणजे ते निळ्या कौलांचं घर. मी पाडकामाचं बटण दाबलं. खेळाने नम्रपणे विचारलं, "इमारत पाडायची का? यात दोन रहिवासी आहेत." रीतसर चौकशी म्हणून मी रहिवाशांची माहिती उघडली. पहिल्याचं नाव "अहो". व्यवसाय, पाणीपुरवठा प्रमुख. दुसरीचं नाव "मी". व्यवसायाच्या जागी तिने लिहिलं होतं, चहा पिणे.

प्रस्ताव स्थगित ठेवला. महापौर म्हणून मला तो अधिकार आहे.

मेहुणीला फोन केला. तिचं घर विकासकामात गेलं होतं आणि बाधितांना कळवण्याची पद्धत आहे.

"कुठलं घर, भावोजी?"

"बेटावरचं. कचरा डेपोजवळचं."

"अजून तिथेच होते मी? अहो, त्या बांगड्यांवरून झालेलं भांडण मिटून किती वर्षं झाली. ताईने मला हलवलंच नाही?"

"कागदोपत्री नाही."

"थांबा, मी येते."

ती आली ती चप्पल काढता काढताच टॅब मागायला लागली. बराच वेळ बेटभर बोट फिरवत राहिली.

"हे काय करून ठेवलंत? गाव आहे का मंगल कार्यालय?"

"विकास आहे."

"शिंपले कुठायत?"

"झाडून टाकतो मी रोज. धक्का बघ कसा लख्ख आहे."

ती माझ्याकडे बघतच राहिली. लहानपणापासून तिची तशी सवय आहे, समोरचा आपोआप गप्प होतो. मग तिने मला धक्क्यावरचा त्या दिवशीचा एकुलता एक शिंपला दाखवला. त्यावर बोट आपटायचं नाही, टेकवून ठेवायचं. टेकवलं की उघडतो. आत लिहिलं होतं, "कालपण येऊन गेले. घर बंद दिसलं. बरी आहेस ना गं?"

तेव्हा मेहुणीच्या तोंडून बेटाचं खरं पर्यटन धोरण मला समजलं. ते महापौरबाईंनी कुठेही जाहीर केलेलं नव्हतं. तिच्यासारख्या आणखी काही बायका होत्या, ज्यांची स्वतःची बेटं होती. दुपारची भांडी झाली की एकमेकींच्या बेटावर जायचं, बाकावर बसायचं, निघताना धक्क्यावर शिंपला ठेवायचा. एक आली की आपण उलट जायचं. खेळाच्या नियमाप्रमाणे अशी एक पाहुणी बोटभरून आलेल्या टोपीवाल्यांहून मोलाची धरतात. हिचे तारे त्यावरच चालत होते. हॉटेल नव्हतं ते यामुळे, की त्या संध्याकाळी आपापल्या घरी जायच्या.

"त्या कोण, कुठल्या?" मी विचारलं.

"मला काय माहीत. ताई नुसतं म्हणायची, आमच्या बेटावरच्या. एकीच्या नातवाला दात येत होते, ते तिला माहीत असायचं. माझ्या नातवाचं विचारायची नाही."

"मग आता?"

"आता काय. जायचं त्यांच्याकडे, आणि सांगायचं."

"तू सांग की."

"मी त्यांच्यात नाहीये, भावोजी. मी कचऱ्याजवळ होते."

एवढं बोलून ती आत गेली आणि भांडी घासायला लागली. भांडी घासलेलीच होती.

या चर्चेनंतर प्रशासनाने आमच्या राहत्या घराच्या स्थितीचाही आढावा घेतला. सुरुवातीच्या दिवसांत इथे पर्यटन तेजीत होतं. खुर्च्या शेजारून आणाव्या लागल्या. माणसं आली, तिच्या फोटोकडे बघून, घरात हवा छान येते असं म्हणून गेली. पुढे आवक घटली. मी याचं खापर हंगामावर फोडलं होतं. मेहुणीचं म्हणणं वेगळं पडलं. तिच्या मते या घरी जो कुणी यायचा तो आधी ही त्याच्याकडे जाऊन आलेली असायची म्हणून. मी त्या वेळी बहुधा मोरीत होतो.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी पहिल्या परतभेटीचा दौरा आखला. ज्यांच्या नातवाला दात येत होते त्या बाईंचं बेट निवडलं; तिकडच्या पाटीवर तसं लिहिलेलंच होतं. बोटीत बसलो. पिवळी टोपी, पर्स, सगळं होतं. तिकडच्या धक्क्यावर बोट लागायच्या आतच लाल टोपीतली एक बाई धावत येताना दिसली. तिच्या डोक्यावर अक्षरं उमटली, "आलीस! किती वाट बघायला लावलीस गं."

तांत्रिक कारणास्तव दौरा अर्ध्यावर रद्द करण्यात आला. टॅब बंद करून मी साखरेच्या डब्यामागे ठेवला. त्याला चार्जिंगची गरज होती. (गरज नव्हती.)

सध्याची स्थिती अशी. हंगाम संपत आला आहे. मानांकन सव्वादोनवर आहे. शिंपले मी झाडत नाही, त्यामुळे स्वच्छतेचा पाव तारा लवकरच जाईल. ते उघडतही नाही, धक्क्यावर राहू देतो. लाल टोपीवाली आता रोज दोन शिंपले ठेवून जाते. तीन तारे कसे होतील हे मला माहीत आहे. त्याला विमानतळ लागत नाही. त्या बायकांच्या धक्क्यावर उतरून एकेक वाक्य बोलावं लागतं, आणि पुढे बाकावर थोडं बसावं लागतं. जावई म्हणतो, बाबा, एक मजकूर तयार करून सगळ्यांना एकदम पाठवू. त्याने तयार केलाही आहे. त्याच्या मजकुरात "अविस्मरणीय" हा शब्द दोनदा आहे.

आता तुमच्याविषयी. तुम्ही इथवर आलात. धक्का पाहिलात, ग्रंथालय पाहिलंत, मेहुणीचं घर कुठे होतं ते पाहिलंत, आमच्या घरात डोकावून रहिवाशांची नावंही वाचलीत. मधे एकदोन ठिकाणी हसलातसुद्धा, त्याबद्दल आनंद आहे. तुमचं आणि तिचं काही नातं नाही. ती गेली हे तुम्हाला आल्याआल्याच सांगितलं होतं, आणि तुम्ही पुढे काय गंमत आहे ते बघायला निघालात. अगदी बरोबर केलंत. उत्तम पर्यटक असाच असतो. तुमची नोंद टोपीवाल्यांत केली आहे.

रोज येणाऱ्या त्या बायकांना अजून कळवलेलं नाही.