आठ जणांची पाई

महिन्याच्या पहिल्या रविवारी सकाळी चीफ आमच्या फाटकाशी येऊन आम्हाला मोजत. नमस्कार नाही, विचारपूस नाही. माझ्याकडे बघून "एक", कुमुदकडे बघून "दोन". मग भुवया वर. "पक्के?"

"पक्के," माझी बायको सांगे.

"संध्याकाळी सात. ताप, पाहुणे, पोटदुखी, काय असेल ते आत्ताच बोला."

आम्ही घरात दोघंच होतो आणि दोघंही त्यांच्यासमोर उभे होतो. तरी ते एकदा आमच्या मागे, दाराच्या आत नजर टाकून घेत. तिसरं कुणी असलं तर घोटाळा झाला असता.

मी शाळेत मराठी शिकवली आणि शाळेचं ग्रंथालय सांभाळलं. निवृत्त झाल्यावर, २०१४ साली, आम्ही धाकटी डहाणूच्या वाटेवर घर घेतलं. सामानाचे खोके अजून उघडायचे होते तेव्हा शेजारचे एक गृहस्थ आले. अंगात पांढरा शुभ्र सदरा, खाली हाफपँट.

"वामन तांडेल. चीफ कुक, निवृत्त. तुम्ही मटण खाता?"

"खातो," मी म्हणालो.

"दोघंही?"

"दोघंही."

त्यांनी डोळे मिटून सुस्कारा सोडला. आमच्याआधी त्या घरात एक शाकाहारी जोडपं राहून गेलं होतं. त्या काळाविषयी चीफ फारसं बोलत नसत.

चीफनी तीस वर्षं मालवाहू जहाजांवर स्वयंपाक केला होता. गावातले बाकीचे लोक होडीतून समुद्रात जात आणि मासे घेऊन परत येत. चीफ जहाजातून गेले आणि एक कागद घेऊन परत आले. एका इंग्रज कप्तानाने तो स्वतःच्या हाताने लिहून दिला होता. त्यावर त्याच्या आईच्या शेपर्ड्स पाईची कृती होती. खाली खिमा, वर कुस्करलेल्या बटाट्याचा जाड थर, आणि मग भट्टी. मेंढपाळाच्या घरचं जेवण, असा त्या नावाचा अर्थ. चीफनी कागदाला प्लास्टिक चढवून तो देवांच्या फोटोंच्या रांगेत लावला होता. कागदाची शेवटची ओळ ते बोट ठेवून दाखवत. ही पाई आठ जणांच्या कुटुंबासाठी आहे, असं तिथे लिहिलेलं होतं.

कागद म्हणजे हुकूम. चीफ एकटे राहत असत, म्हणून दर महिन्याला आठ माणसं जमवत. आम्ही दोघं, सुकी मासळी विकणारी जमनाबाई, तिचा नवरा, एक रिक्षावाले, एक बेकरीवाले, आणि निवृत्त पोस्टमास्तर व त्यांची बहीण. या आठांमध्ये दुसरं काहीही समान नव्हतं.

"चीफ, सगळं निम्मं घ्या. चार जणांत भागेल," एकदा मी सुचवलं.

"मास्तर, तुम्ही शाळेत निम्मी कविता शिकवायचा?"

मी शिकवत असे, वेळ कमी पडला की.

नववा माणूसही चालत नसे. माझा भाचा एकदा न सांगता आला. चीफनी त्याला खुर्ची दिली, पाणी दिलं, पाव-लोणी दिलं आणि सगळ्यांना सांगितलं, "हा पॅसेंजर आहे." भाच्याने संपूर्ण संध्याकाळ आमच्या ताटांकडे बघत काढली.

बाजारात बोकडाचं मटण मिळे, पण कागदावर मेंढी होती. म्हणून चीफ आदल्या दिवशी मासळीची थर्मोकोलची पेटी घेऊन, तळाला बर्फ घालून, बसने तलासरीला जात. तिथला एक खाटीक मेंढीचं मटण ठेवतो, असं त्यांचं म्हणणं. जमनाबाईला ते पटत नसे.

"बसचं भाडं घालून बोकडच आणतोस रे वामनदादा. मेंढीने काय तुला ओळखपत्र दाखवलं?"

"वासावरून कळतं."

"तुझ्या पेटीला बोंबलाचा वास. त्यात मेंढी कळते तुला?"

एका हिवाळ्यात पोस्टमास्तरांची बहीण तापाने आडवी झाली आणि एक माणूस कमी पडला. चीफ तलासरीहून मटण घेऊन परतत होते. हायवेच्या कडेला त्यांना गुजरातेतून आलेला एक भरवाड दिसला. लाल पागोटं, खांद्यावर काठी आणि मागे दोनशे मेंढ्या. चीफना वाटलं, देवच पावला. मेंढपाळाच्या घरचं जेवण आणि खायला खुद्द मेंढपाळ. त्यांनी त्याला पत्ता दिला, बस सांगितली, आणि दुसऱ्या दिवशी तो बिचारा कळप भावावर सोपवून खरंच आला.

आम्ही सगळे सरसावून बसलो. चीफनी पहिलं ताट त्याला वाढलं. त्याने जवळजवळ काठीभर अंतरावरून ताटाकडे बघितलं आणि विचारलं, "आमां शुं छे?"

चीफनी अभिमानाने सांगितलं.

भरवाडाने ताट बोटाने मागे सरकवलं. मग हळूच म्हणाला, "अमे घेटां चरावीए, भाई. खाईए नहीं."

मेंढ्या चारणारा माणूस मटणाला शिवत नव्हता. दूध आणि रोटला, एवढंच. चीफचा चेहरा असा झाला, जणू कप्तानाची आई खोटं बोलली होती. जमनाबाईने घरून भाकरी आणि दूध आणलं. तो खाली मान घालून जेवला, सगळ्यांना हात जोडून गेला. नंतर चीफनी रस्त्यावरून चाललेल्या एका आंबे-चिकूच्या दलालाला आत ओढून त्याची संख्या भरून काढली.

बाकी कृतीत चीफ कागदापासून तसूभर हलत नसत, एक सॉस सोडून. जहाजावरून आणलेली सॉसची शेवटची बाटली केव्हाच संपली होती. त्यात इंग्रज लोक चिंच आणि खारवलेली मासळी घालतात हे चीफना ठाऊक होतं. "म्हणजे आपलंच आहे," म्हणून ते चिंच, गूळ, ताडीचा शिरका आणि जमनाबाईच्या दुकानची सुकी मांदेली बरणीत घालून पंधरा दिवस मुरवत आणि गाळून त्याच इंग्रजी बाटलीत भरत. बरणी उघडली की आमच्याकडचं मांजर त्यांच्या कुंपणावर जाऊन बसे.

बटाटे उकडून ते पिठाच्या चाळणीतून काढत. तासभर. गुठळी सापडली तर पहिल्यापासून. थर सारखा झाला की काट्याने त्यावर लाटा ओढत आणि एका टोकाला कोथिंबिरीची काडी खोचत. ती नाळ, म्हणजे जहाजाचं पुढचं टोक. मग परात रिक्षात. बेकरीतले पाव दुपारी निघाले की भट्टी मोकळी असे, तिथे पाई भाजायची. रिक्षात परात चीफच्या मांडीवर आणि नाळ नेहमी पुढे. वळणावर रिक्षावाले, "चीफ, डावीकडे," असं ओरडत आणि चीफ परातीसह डावीकडे झुकत. भाजलेली पाई गार होऊ नये म्हणून येताना तिच्यावर नारिंगी लाइफ जॅकेट बांधलेलं असे. वाटेतली माणसं रिक्षाकडे बघून म्हणत, कुणाला तरी वाचवलं वाटतं.

सात वाजता आम्ही आठ जण बसत असू. चीफ आमच्या मागे, हात पाठीशी बांधून उभे. ते आमच्यात जेवत नसत. परात रिकामी होईपर्यंत एक शब्द बोलत नसत आणि शेवटचा घास गेला की म्हणत, "जहाज लागलं."

जवळजवळ चार वर्षं हे असं चाललं. मग कुमुद गेली.

त्याबद्दल मला इथे लिहायचं नाही. दुखणं दोन महिन्यांचं होतं. दहावं-तेरावं झालं, नातेवाईक आले तसे गेले. मी खिडक्या लावून पुस्तकं वाचत असे, म्हणजे पानं उलटत असे. पुढच्या महिन्याचा पहिला रविवार आला. मी सकाळपासून फाटकाकडे कान लावून होतो आणि चीफनी येऊ नये अशी प्रार्थना करत होतो. ते "एक" म्हणतील आणि थांबतील, याची मला भीती होती.

ते आले नाहीत. त्याच्या पुढच्या महिन्यातही आले नाहीत. तिसऱ्या महिन्यात जमनाबाई आली आणि ओटीवर टोपली आपटून बसली.

"मास्तर, तुम्ही रडा, मी काय बोलणार नाही. पण तो वामनदादा चहात खारी बुडवून जगतोय. तीन महिने चूल नाही पेटवली. तलासरी नाही, भट्टी नाही. बेकरीवाला विचारतो, रिक्षावाला विचारतो. माझा नवरा रविवारी ताट घेऊन बसतो नि म्हणतो, वाढ. मी काय वाढू?"

"त्यांना सांगा की आठवं माणूस आणा. रस्त्यावर पुष्कळ आहेत."

"सांगितलं. तो म्हणतो, मास्तरांना विचारल्याशिवाय नाही. आणि तुम्हाला विचारायची त्याची छाती नाही."

हे माझ्या ध्यानात आलं नव्हतं. कुमुदच्या खुर्चीवर कुणाला बसवायचं ते मी सांगायचं होतं. तोवर सात माणसं आणि एक परात खोळंबून राहणार होती.

संध्याकाळी मी चीफच्या घरी गेलो. ते कागदासमोर बसले होते.

"चीफ, कुणालाही आणा. माझी हरकत नाही."

"कोण ते तुम्ही सांगा."

मी विचार केला. गावातला एकेक चेहरा त्या खुर्चीवर बसवून बघितला. एकही बसेना.

"बघा," चीफ म्हणाले. "मलाही जमलं नाही. तुम्ही समोर बसणार नि वहिनींच्या जागी कुणी परकं माणूस जेवणार, ते मागे उभं राहून मी बघायचं. पाई नासली असती."

मग ते म्हणाले, "माझी मंडळी गेली तेव्हा आम्ही समुद्राच्या मध्यात होतो. रेडिओवर कळलं. बावीस माणसं जेवायची होती. मी जेवण केलं. वाढलं. सगळे जेवले. कुणीतरी म्हणालं, चीफ, आज झकास झालंय."

अशा वेळी बोलायची वाक्यं मला गेल्या तीन महिन्यांत शेकड्याने ऐकायला मिळाली होती.

"तुम्हीच बसा," मी म्हणालो.

"कुठे?"

"आठवे."

"कुक टेबलावर बसत नाही, मास्तर."

"कागदावर तसं लिहिलंय?"

ते उठले, चष्मा लावला आणि कागद वरपासून खालपर्यंत वाचला. मागची बाजूही बघितली. असं कुठेही लिहिलेलं नव्हतं.

पुढच्या रविवारी, महिन्यातला कितवा तेही न बघता, आम्ही पाई केली. बटाटे मी चाळले. चीफनी दोनदा परत चाळायला लावले. भट्टी झाली, लाइफ जॅकेट झालं. सात वाजता आम्ही सात जण बसलो आणि चीफ कुमुदच्या खुर्चीच्या कडेवर, कुणी उठवलं तर लगेच उठता यावं अशा बेताने टेकले. त्यांनी स्वतःच्या ताटात वाढलं. जन्मात पहिल्यांदा, भाजून ताटात आलेला तो पदार्थ त्यांनी तोंडात घातला.

सगळे त्यांच्याकडे बघत होते.

ते चावत राहिले. गिळलं. पाणी प्यायले. "जमना," ते हळूच म्हणाले, "ही अशीच लागते?"

जमनाबाईने माझ्याकडे बघितलं. मी ताटाकडे.

"अळणी आहे," चीफ म्हणाले.

अळणीच होती. पहिल्यापासून. कागदावर चिमूटभर मीठ लिहिलेलं होतं आणि चीफ आठ माणसांच्या परातीत मोजून एक चिमूट घालत. जहाजावर प्रत्येक टेबलावर मिठाची डबी असते, तिथे कुणाला काही म्हणावं लागत नाही. चीफच्या टेबलावर डबी नव्हती, आणि मागण्याची कुणाची हिंमत नव्हती.

"चार वर्षं तुम्ही अळणी खाल्लंत?"

पोस्टमास्तर खाकरले. रिक्षावाले छताकडे बघू लागले. शेवटी जमनाबाईच बोलली. "अळणी कशाला खाऊ? वहिनी पदराच्या गाठीत मीठ आणायची. तू पाणी आणायला वळलास की टेबलाखालून प्रत्येकाच्या हातावर ठेवायची. म्हणायची, त्यांना कळता कामा नये, वाईट वाटेल."

मला हे माहीत होतं. पहिली चिमूट ती माझ्या हातावर ठेवत असे, तिचं बोट तळव्यावर एकदा टेकवून. तिच्या माघारी मी तिची पुष्कळ आठवण काढली होती, पण ही काढली नव्हती.

चीफनी काटा खाली ठेवला. ते रागावले असतील असं वाटून बेकरीवाल्यांनी घाईघाईने मोठा घास घेतला आणि "मस्त आहे" म्हणाले. चीफचं तिकडे लक्ष नव्हतं. ते स्वतःचा उजवा हात टेबलावर उताणा ठेवून त्याकडे बघत होते.

मग त्यांनी काटा उचलला आणि ताटातलं सगळं, तसंच, संपवलं. आम्हीही संपवलं. कुणीही स्वयंपाकघरातून मीठ आणायला उठलं नाही.

निघताना मी त्यांना म्हणालो, "चीफ, पुढच्या खेपेला मीठ जरा वाढवा."

"कागद बदलायचा नाही," ते म्हणाले. मग फाटकापर्यंत माझ्याबरोबर आले आणि दुसरीकडे बघत म्हणाले, "मीठ तुम्ही आणत जा. मी पाणी आणायला वळेन."