जनूकाकांचं खळं

भात झोडून झालं की आमच्या गावात सगळे वाल पेरतात. पेणपासून रोह्यापर्यंत कुठेही जा, थंडीत शेतं हिरवी असतात. फक्त कासू स्टेशनकडून गावात शिरताना डाव्या हाताला एक शेत टकलं दिसतं. ते माझ्या शेजारच्या जनूकाकांचं. इतरांचं खळं अंगणाएवढं, गोल. काकांचं लांबलचक, चौकोनी, शेणाने सारवलेलं, त्यावर चुन्याच्या पांढऱ्या रेघा, आणि मधोमध खाडीवरच्या कोळ्याकडून आणलेलं मासेमारीचं जुनं जाळं. ते टेनिसचं कोर्ट आहे.

मी शिक्षिका म्हणून या गावात नवीन आले तेव्हा काका त्या खळ्यावर गुडघे टेकून चेंडू टाकून बघत होते आणि सुमनकाकींवर ओरडत होते, "हितं गो, हितं! हितं चेंडू मरतंय!"

"मरू दे," काकी म्हणाल्या. कोपरापर्यंत हात शेणाने भरलेले. "लोकांच्या घरात वाल येतात, आमच्या घरात चेंडू. बाई, तुम्हीच सांगा, चेंडवांची आमटी होते काय?"

मला वाटलं, म्हातारा थोडा सटकलेला आहे. मग कळलं की हा माणूस खरोखरीचा टेनिसपटू होता. वडील मुंबईच्या एका जिमखान्यात कोर्टावर रोलर फिरवायचे. जनू आणि त्याचा धाकटा भाऊ वसंत तिथे चेंडू गोळा करता करता खेळायला शिकले, आणि इतके शिकले की पुढे दोघांची जोडी दुहेरीत रोख बक्षिसांच्या स्पर्धा खेळत देशोदेशी हिंडली. मोठ्या नव्हेत, लहानसहान स्पर्धा. पण हिंडली खरी.

काकांना जग विचारा, ते माती सांगतात. "इटली? माती झकास. आपल्या खाचरासारखी. इजिप्तची कडक, पायाचे तुकडे पडतात. जर्मनीची पाणी धरत नाय." मनोरे, नद्या, राजवाडे, काही म्हणजे काही पाहिलेलं नाही. एकदा मी विचारलं, "काका, तिकडचं जेवण कसं होतं?" तर म्हणाले, "वसंताला आवडायचं."

या जोडीची भाषाही घरचीच. समोरच्यांना कळू नये म्हणून त्यांनी अख्खी रेल्वेलाईन कोर्टावर अंथरली होती. जाळ्याजवळ म्हणजे पेण, मधे कासू, अगदी मागची रेघ म्हणजे रोहा. "रोहा!" असं काका ओरडले की वसंतकाका समोरच्यांच्या डोक्यावरून चेंडू मागे टाकायचे. डावी बाजू वसंतची, उजवी काकांची. मागून उचलायचं काम धाकट्याचं, जाळ्याशी ठेचायचं काम थोरल्याचं. "चेंडू उभा राहिला का लांबवायचा नाय. संपवायचा," हे काकांचं आवडतं वाक्य. घरातही तेच. भजन लांबलं की उठायचे, पाहुणा लांबला की चपला शोधून द्यायचे.

मग वसंतकाकांना जर्मनीतल्या एका क्लबात शिकवायची नोकरी मिळाली. तिथेच लग्न झालं, तिथेच राहिले. काकांनी दुसरे जोडीदार करून पाहिले. एका इटालियन पोराला ऐन सामन्यात त्यांनी "कासू, कासू!" असं बजावलं, तर तो बिचारा खेळायचं सोडून प्रेक्षकांत कोण आलंय ते पाहायला लागला. एकट्याने खेळायचं तर मन लागेना. "उजवीकडचा मी घ्यायचो," ते मला म्हणाले, "आणि डावीकडं आपोआप बघायचो. कोन नाय." शेवटी रॅकेट गुंडाळून गावी आले आणि रोह्याच्या एका कंपनीत शिफ्टा करून निवृत्त झाले.

पण खळं चुकलं नाही. दर थंडीत वसंत फोनवर म्हणायचा, "दादा, यंदा नक्की येतो." दर थंडीत काका शेत ठोकून, सारवून, रेघा मारून तयार. वसंत यायचा नाही. शेजारपाजारचे विचारून विचारून थकले. काका म्हणायचे, "येल ना. जर्मनी काय हितं बाजूला कोलाडला हाय?" आणि समोर कुणीच नसेल तर मला उभं करायचे. मी पदर खोचून उभी राहायची. दोनतीन चेंडू गोडीगुलाबीने यायचे, मग काकांचा संयम सुटायचा आणि चौथा चेंडू कानाजवळून बंदुकीसारखा जायचा. मी पुढे पुढे शाळेतून लांबच्या वाटेने घरी जायला लागले.

आणि यंदा वसंतकाका आले. पेणला लग्न होतं, दुपारपुरते गावात येणार होते, संध्याकाळी मुंबईला परत. काकांनी पहाटेपासून सारवलेलं पुन्हा सारवायला लावलं. गाव जमलं. सगळ्यांनी वर्षानुवर्षं ऐकलेलं ते ठेचणं आज डोळ्यांनी दिसणार होतं.

गाडीतून उतरले ते चांगलेच सुटलेले, गुडघ्याला पट्टा बांधलेले गृहस्थ. भावाभावांची मिठी वगैरे काही झाली नाही. "जाडा झालास," काका म्हणाले आणि त्यांच्या हातात रॅकेट दिली.

दोघे समोरासमोर उभे राहिले. काकांनी चेंडू मारला, तो अलगद वसंतकाकांच्या हाताशी. त्यांनी परत दिला. काकांनी पुन्हा हाताशी. पुन्हा. त्या पट्टा बांधलेल्या गुडघ्याला एक पाऊलभरही हलावं लागू नये असा बेताचा, मऊ चेंडू. उभा चेंडू आला, छातीएवढा, ठेचायला सोपा. काकांनी तोही हळूच पलीकडे ठेवला. लोक कंटाळले. "हेच काय तुमचं टेनिस, जनूभाऊ?" कुणीतरी ओरडलं. अर्धं गाव उठून गेलं. ऊन उतरलं, चेंडू धूसर दिसायला लागला, रस्त्यावर ड्रायव्हरने हॉर्न दिला.

"दादा," वसंतकाका धापा टाकत म्हणाले, "मार ना आता. संपव."

"नाय."

"का?"

"संपला का तू जाशील."

काका हे अगदी साधं बोलले.

पुढचा चेंडू वसंतकाकांनी मारला नाही. हाताने धरला. मग लंगडत जाळ्यापाशी आले, वाकून त्याखालून पलीकडे गेले आणि काकांच्या डाव्या बाजूला जाऊन उभे राहिले. ड्रायव्हरला हाताने थांबायची खूण केली.

"वयनी, बाई," ते म्हणाले, "या समोर."

काकींनी नऊवारीचा काष्टा आवळला, रॅकेट उलथन्यासारखी धरली आणि माझ्या शेजारी उभ्या ठाकल्या. काकांनी सर्व्हिस केली. जाळ्यात. दुसरी केली. तीही जाळ्यात. झोपेतही न चुकणारा हात तो, पण त्यांना समोरचं काही दिसतच नव्हतं.

"आमचा पॉइंट!" काकी ओरडल्या आणि पदराने डोळे पुसायला लागल्या.

दुहेरीत पॉइंट गेला तरी जोडीदाराच्या हाताला हात लावायचा असतो म्हणे. वसंतकाकांनी हात पुढे केला. काकांनी तो धरला, आणि सोडेचनात.