शब्द कळले नाहीत

लिफ्टमध्ये माणसाने मजल्याच्या आकड्याकडे बघत मुकाट्याने उभं राहावं, अशी माझी पुणेरी समजूत. लिमयेकाकांना ती मान्य नाही. एकदा चौथ्या मजल्यावरच्या सेनबाई आत आल्या आणि काहीतरी पुटपुटल्या. काका वळले, वाकून थेट त्यांच्या तोंडाकडे बघत म्हणाले, "आबार बोलुन. ठोंट खुले." म्हणजे, पुन्हा बोला, ओठ उघडून. सेनबाई निवृत्त मुख्याध्यापिका! त्यांनी बिचाऱ्यांनी ओठ उघडून पुन्हा सांगितलं, की आज फार उकडतंय. "छान," काका म्हणाले, "आता पोचलं." मी कोपऱ्यात मान खाली घालून पर्समध्ये किल्ली शोधत होते. किल्ली हातातच होती.

काका आमच्या वरच्या मजल्यावर राहतात. जन्म इथलाच, कलकत्त्यातल्या बालीगंजचा. पण मराठी अशी खणखणीत, की पुण्याहून आलेली माझी आई त्यांच्यापुढे तोंड उघडायला घाबरते. आयुष्यभर रेडिओवर निवेदक होते. गाण्याच्या मैफली बंगालीत, हिंदीत, इंग्रजीत लोकांना सांगायचे. मग निवृत्त झाले, पाठोपाठ काकू गेल्या. आम्हाला वाटलं, आता हे खचणार. तर यांनी वेबसाइट काढली! वेबसाइट म्हटलेलं त्यांना खपत नाही, संकेतस्थळ म्हणायचं. शहरातल्या मैफली ऐकायच्या आणि दुसऱ्या दिवशी एका बोटाने टॅबवर टाइप करून परीक्षण टाकायचं. न्यू टाउनला माझ्या नवऱ्याच्या ऑफिसातली गाणंवेडी मंडळीसुद्धा ते वाचतात. गाणारे तर देवाचं नाव घेऊन वाचतात.

कारण काकांचा जीव अडकलेला उच्चारात. "सूर देवाचा, शब्द माणसाचा. माणसाने आपलं काम नीट करावं," हे त्यांचं पालुपद. अलीकडे तर एकही गवई त्यांच्या तावडीतून सुटत नव्हता. अमक्याने शब्द चावले, तमकीने गिळले, तिसऱ्याच्या तोंडात म्हणे रसगुल्ला होता.

बाजारातही तेच. तीन पिढ्या बंगालात काढल्यावर लिमयेसुद्धा मासे खाणारच. पण मासेवाल्याकडून प्रत्येक माशाचं नाव दोनदा वदवून घ्यायचं? मागे रांग खोळंबलेली, मासेवाला हातात वीतभर पाब्दा धरून शाळकरी पोरासारखा "पाऽब्दा" म्हणतोय, आणि काका मान डोलावतायत. मला लांबून "वहिनी, या ना!" अशी हाक आली, तेव्हा मी भाजीवालीच्या वांग्यांत जवळजवळ डोकं खुपसलं होतं. या माणसाबरोबर कुठे जायची सोय नव्हती हो!

हे सगळं हसण्यावारी जात होतं, ते आमच्या ईशानीपर्यंत.

ईशानी माझी मुलगी, सोळा वर्षांची. घरात मराठी, बाहेर बंगाली, त्यामुळे तिच्या मराठीला जरा बंगाली गोलाई आहे. सुट्टीत पुण्याला गेलो तर मावसभावंडांनी तिच्या बोलण्याची अशी टर उडवली, की पोरगी तिथे इंग्रजीतच बोलायला लागली. पण जिद्दीची. आमच्या इथल्या मराठी मंडळींच्या दिवाळी पहाटेला मी नाट्यगीतच गाणार, म्हणाली. आरशासमोर उभी राहून एकेक शब्द घोटला. आणि गायली! शब्द अन् शब्द लख्ख. आई म्हणून कौतुक करत नाही. आई म्हणून मी तर चुका ऐकायलाच जीव मुठीत धरून बसले होते.

काका त्या दिवशी प्रमुख पाहुणे. एरवी ते हट्टाने कडेची खुर्ची पकडतात. कार्यकर्त्यांनी त्यांना धरून मधल्या सोफ्यावर, माइकच्या बरोब्बर समोर बसवलं.

दुसऱ्या दिवशी परीक्षण आलं. "कु. ईशानीचा आवाज गोड. शब्द मात्र एकही कळला नाही. कलकत्त्यात वाढलेल्या मुलांकडून मराठी गाणी म्हणवून घ्यावीत का, याचा पालकांनी विचार करावा."

दुपारपर्यंत ते पुण्याला पोचलं आणि भावंडांकडून हसऱ्या चेहऱ्यांसकट परत आलं. ईशानी रडलीसुद्धा नाही. "मी मराठी गाणार नाही आता," म्हणाली. "बोलणारपण नाही." आणि खरंच, रात्री तिने मला पोळी इंग्रजीत मागितली.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. सकाळी पदर खोचून वर गेले. काकांनी दार उघडल्याबरोबर गाण्याचा व्हिडिओ लावून मोबाइल त्यांच्या हातात दिला. "ऐका! कुठला शब्द कळला नाही ते दाखवा मला!"

काकांनी मोबाइल कानाला लावला. आवाज मोठा केला. आमच्या इमारतीतलं कुत्रं भुंकायला लागलं, इतका मोठा केला. मग म्हणाले, "गोड आहे. पण शब्द नाहीत, वहिनी."

"नाहीत?" मी ओरडलेच. रागाच्या भरात त्यांच्यासमोर उभी राहून गाण्याची पहिली ओळ एकेक शब्द तोडून म्हटली. काका माझ्या तोंडाकडे टक लावून बघत होते. मी नाकावर आलेला घाम पुसायला रुमाल तोंडाशी नेला, तशी त्यांची नजर कावरीबावरी झाली. "हात काढा, हात," ते म्हणाले.

तेव्हा माझी ट्यूब पेटली. हा माणूस ऐकत नव्हता, ओठ वाचत होता. आणि त्या पहाटे ईशानीच्या ओठांपुढे माइक होता.

"किती दिवस झाले?" मी विचारलं, ओठ नीट उघडून.

"सूर येतो अजून. व्यंजनं येत नाहीत." काका खुर्चीत बसले. "आधी वाटलं, लोकच वाईट बोलायला लागलेत. खरंच वाटायचं हो. मग कळलं, तेव्हा सांगायची लाज वाटली. बहिऱ्याचं परीक्षण कोण वाचेल? आणि हे थांबलं तर संध्याकाळी कपडे करून मी जाऊ कुठे?"

मी भांडायला आले होते. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यांच्या लाजेत माझीही मिसळली होती.

"राहू दे काका," मी म्हटलं. "ती दोन वाक्यं तेवढी काढून टाका."

ते एकदम ताठ झाले. "पुसून टाकायचं? रेडिओवर झालेली चूक रेडिओवरच दुरुस्त करतात, वहिनी. ज्याच्या तोंडून झाली, त्याच्याच आवाजात."

त्या संध्याकाळी त्यांच्या संकेतस्थळावर परीक्षण नव्हतं, त्यांचा आवाज होता. आम्ही तिघांनी जेवणाच्या टेबलावर तो ऐकला. "ईशानीचे शब्द स्वच्छ होते, असं तिथे बसून ऐकणाऱ्यांनी मला सांगितलं. मला ते ऐकू आले नाहीत, कारण मला ऐकू येत नाही. गेली काही वर्षं ज्यांच्या ज्यांच्या उच्चारांना मी नावं ठेवली, त्या सगळ्यांची क्षमा मागतो. हे संकेतस्थळ इथे थांबतं आहे." कुठे अडखळणं नाही, कुठे गहिवर नाही. खाली लोकांनी जे लिहिलं ते मी वाचलं नाही. नवऱ्याने वाचलं आणि मोबाइल उपडा ठेवला.

ईशानी उठली. "आई, मी वर जाऊन येते," म्हणाली. मराठीत.

मी मागोमाग गेले आणि दारातच थांबले. ती काकांच्या पुढ्यात, गुडघ्याला गुडघा लागेल इतकी जवळ बसली होती. मध्ये माइक नाही, काही नाही. ओठ मोठे मोठे उघडून तिने तेच गाणं सुरू केलं, अगदी सावकाश, त्यांना प्रत्येक शब्द दिसावा म्हणून. काका पहिली ओळ डोळे फाडून बघत राहिले. मग त्यांनी हात वर करून तिला थांबवलं.

"बाळ, आता मला लिहायचं नाहीये ना," ते म्हणाले. "मग मी जरा डोळे मिटून ऐकू?"