समोरच्या टाचा

"चालतं ते मन! पाय नुसते बरोबर येतात!" धाराशिवहून तुळजापूरला पायी निघताना दत्तोपंतांनी बायकोला बजावलं. पंत निवृत्त गणित शिक्षक. वय अडुसष्ट, गुडघे त्याहून जुने. तरी वाटेत एकदाही बसणार नाही, अशी घोषणा गल्लीभर करून झाली होती. युक्ती सोपी! किती राहिलं ते बघायचं नाही. नजर समोरच्याच्या टाचांवर आणि कान बंद!

युक्तीमागं एक गुपितही होतं. चाळीस वर्षांच्या संसारात बायकोचं कौतुक करणं पंतांना एकदाही जमलं नव्हतं. तिनं बघितलं की शब्द घशातच बसायचे. आज लीलाबाई पुढं, आपण मागं. टाचांशी बोलायला कसली लाज!

लीलाबाईंच्या पायात आठवडी बाजारातल्या नव्या जांभळ्या चपला होत्या. सात किलोमीटर पंत त्यांना चिकटून चालले. मग लीलाबाई हातपंपावर पाणी प्यायला वळल्या. "अहो, थांबा!" तीनदा हाका मारल्या. पण कान बंद! पंतांनी चालता चालता घामेजलेला चष्मा पुसला आणि डोळ्यांवर चढवला, तर समोर जांभळ्या चपला होत्याच. फक्त त्या सोयाबीन काढायला निघालेल्या बाईच्या होत्या!

मन असं काही स्थिर झालं की डांबर संपून गाडीवाट लागली तरी त्यांना पत्ता नाही. पंतांनी घसा खाकरला.

"ऐक. मागं बघू नकोस. तुझ्या आमटीला जन्मभर नुसतं 'बरी आहे' म्हणत आलो. पण तशी आमटी जगात कुणाला जमत नाही! आणि तू माहेरी गेलीस की मला झोप लागत नाही. कधी बोललो नाही. चुकलंच माझं."

चपला थांबल्या. पंतांचे डोळे भरून आले.

"कुनाची आमटी, आजोबा? म्या तर शिवकांता!"

पंतांनी मान वर केली. चहूकडं सोयाबीन, आणि दहा-बारा बाया तोंडाला पदर लावून हसतायत! शेतमालकानं तर नवा मजूर समजून विळाही पुढं केला. पंतांनी बांधावर बसकणच मारली. घोषणा गेली!

खिशातला फोन मघापासून कोकलत होता. तो शिवकांतानं घेतला. "मावशी, तुमचं मालक हितं हायत. लई गुनाचं मानूस! व्हय, काय म्हनले ते समदं सांगते की..." बोलत बोलत ती लांब गेली.

पंत कपाळाला हात लावून बसले. चाळीस वर्षं साठवलेलं भाषण भलतीकडंच खर्ची पडलं होतं, आणि पुन्हा ते जमेल अशी त्यांना आशा नव्हती.

अर्ध्या तासानं लीलाबाई कुणाच्या तरी मोटारसायकलवरून उतरल्या. "चाळीस वर्षं तुमच्या मागनं चालले," त्या म्हणाल्या, "मला नाही कधी परक्याच्या टाचा लागल्या!"

पंत उठले. पुन्हा रस्ता लागला. लीलाबाई पुढं, पंत मागं.

मग मागं न बघता लीलाबाई म्हणाल्या, "झोपेचं कळलं. आमटीचं तेवढं परत सांगा. फोनला रेंज नव्हती!"